आरोपमुक्तीचा अर्ज फेटाळला जातो तेव्हा

एखाद्या गाजलेल्या प्रकरणात ‘न्यायालयाने आरोपमुक्तीचा अर्ज फेटाळला’ असे वृत्त येताच त्याचे दोन परस्परविरोधी अर्थ लावले जातात. आरोपीचे विरोधक त्यात गुन्हा जवळजवळ सिद्ध झाल्याचे समाधान मानतात, तर त्याचे समर्थक ही केवळ तांत्रिक बाब असल्याचे सांगतात. कायद्याच्या दृष्टीने हे दोन्ही अर्थ चुकीचे आहेत. अर्ज फेटाळताना न्यायालय एवढेच म्हणते की, तपास यंत्रणेने सादर केलेली सामग्री पाहता या व्यक्तीवर खटला चालविण्यास पुरेसा आधार आहे. ती व्यक्ती दोषी आहे किंवा नाही, हा प्रश्न त्या दिवशी न्यायालयासमोर नसतोच.

मात्र हा निर्णय मर्यादित स्वरूपाचा असला तरी त्याचे परिणाम मर्यादित राहत नाहीत. खटला चालविण्यासाठी कायद्याने पुराव्याची पातळी मुद्दाम कमी ठेवली आहे. खटला वाजवी काळात संपेल आणि निर्दोष व्यक्तीला लवकरच न्याय मिळेल, हे त्यामागील गृहीतक आहे. प्रत्यक्षात अनेक खटले दहा-दहा, वीस-वीस वर्षे चालतात. त्यामुळे आरोपमुक्ती नाकारणाऱ्या आदेशाचे व्यावहारिक वजन कायद्याच्या निर्मात्यांना अपेक्षित होते त्याहून कितीतरी अधिक झाले आहे. गेल्या काही दशकांतील महत्त्वाचे खटले पाहिल्यास या प्रश्नाच्या दोन्ही बाजू स्पष्ट होतात.

कायद्याची चौकट

फौजदारी प्रकरणात तपास पूर्ण झाल्यानंतर पोलीस किंवा अन्य तपास यंत्रणा न्यायालयात आरोपपत्र दाखल करते. त्यानंतर लगेच साक्षीपुरावे सुरू होत नाहीत. मधल्या टप्प्यावर न्यायाधीशाने आरोपपत्र आणि त्यासोबतची कागदपत्रे तपासावयाची असतात व दोन्ही पक्षांचे म्हणणे ऐकून घ्यावयाचे असते. खटला चालविण्यास पुरेसे कारण नाही असे वाटल्यास आरोपीला आरोपमुक्त केले जाते. आरोपीने गुन्हा केला असावा असे गृहीत धरण्यास आधार आहे असे वाटल्यास आरोप निश्चित केले जातात आणि खटला सुरू होतो.

१९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत सत्र न्यायालयासाठी कलम २२७ व २२८, पोलिसांच्या आरोपपत्रावर दंडाधिकाऱ्यांसमोर चालणाऱ्या वॉरंट खटल्यांसाठी कलम २३९ व २४०, तर खासगी तक्रारीवरील वॉरंट खटल्यांसाठी कलम २४५ अशी व्यवस्था होती. या कलमांची शब्दरचना वेगवेगळी आहे. एका ठिकाणी ‘पुरेसे कारण नाही’ असे म्हटले आहे, दुसऱ्या ठिकाणी आरोप ‘निराधार’ असल्याचा उल्लेख आहे, तर तिसऱ्या ठिकाणी पुराव्याचे खंडन झाले नाही तर शिक्षा होऊ शकेल काय, ही कसोटी आहे. महाराष्ट्राचे माजी मुख्यमंत्री ए. आर. अंतुले यांच्याविरुद्धच्या प्रकरणात १९८६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा भेद फारसा महत्त्वाचा नसल्याचे स्पष्ट केले. शब्द कोणतेही असले तरी सकृद्दर्शनी प्रकरण उभे राहते काय, हीच कसोटी लावावयाची आहे, असे न्यायालयाने म्हटले होते.

१ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू झाली. या संहितेतही कसोटी तीच राहिली आहे. सत्र खटल्यांसाठी कलम २५० व २५१, तर दंडाधिकाऱ्यांसमोरील खटल्यांसाठी कलम २६२ व २६३ आता लागू आहेत. बदल झाला आहे तो कालमर्यादेच्या बाबतीत, आणि त्याचा विचार पुढे केला आहे.

येथे एक भेद लक्षात घेणे आवश्यक आहे. आरोपमुक्ती म्हणजे निर्दोष मुक्तता नव्हे. वृत्तपत्रांतून दोन्हींसाठी कधी कधी ‘दोषमुक्त’ हा एकच शब्द वापरला जातो आणि त्यातून गैरसमज होतो. निर्दोष मुक्तता ही संपूर्ण खटला चालल्यानंतर होते आणि त्यानंतर त्याच गुन्ह्यासाठी पुन्हा खटला भरता येत नाही. आरोपमुक्ती ही खटला सुरू होण्यापूर्वी मिळते. नवा पुरावा पुढे आल्यास अशा व्यक्तीविरुद्ध पुन्हा कार्यवाही होऊ शकते.

संशय किती तीव्र असावा?

आरोपनिश्चितीच्या वेळी पुराव्याचे मूल्यमापन किती खोलवर करावयाचे, हा या विषयातील मुख्य वाद आहे. बिहार राज्य विरुद्ध रमेश सिंह या १९७७ च्या निवाड्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, या प्राथमिक टप्प्यावर आरोपीविरुद्धचा तीव्र संशयही खटला चालविण्यास पुरेसा ठरू शकतो. शिक्षा देण्यासाठी लागणारी संशयातीत पुराव्याची कसोटी येथे लावावयाची नाही.

पुढच्याच वर्षी, १९७८ मध्ये, कटक येथील भूसंपादनाशी संबंधित भ्रष्टाचाराच्या प्रकरणात, म्हणजे भारत सरकार विरुद्ध प्रफुल्ल कुमार सामल या खटल्यात, न्यायालयाने या तत्त्वाची दुसरी बाजू मांडली. न्यायाधीश हा सरकार पक्षाचा मुखवटा नाही किंवा आलेला कागद पुढे पाठविणारे टपाल कार्यालयही नाही. सामग्री मर्यादित प्रमाणात चाळून पाहण्याचा त्याला अधिकार आहे. दोन निष्कर्ष सारखेच संभवत असतील आणि पुराव्यातून केवळ संशय निर्माण होत असेल, पण तो गंभीर नसेल, तर आरोपीला मुक्त करणे योग्य ठरते. मात्र त्यासाठी न्यायाधीशाने जणू खटलाच चालवीत असल्याप्रमाणे साक्षीदारांच्या जबाबांची उलटतपासणी करू नये. त्या प्रकरणातील आरोपमुक्ती सर्वोच्च न्यायालयाने कायम ठेवली.

१९९३ च्या मुंबई बॉम्बस्फोट खटल्यातील महाराष्ट्र राज्य विरुद्ध सोमनाथ थापा या १९९६ च्या निवाड्यात हीच भूमिका आणखी स्पष्ट झाली. आरोपनिश्चितीच्या वेळी सरकार पक्षाची सामग्री खरी मानून चालावयाचे असते. तिचे पुरावामूल्य ठरविण्याची वेळ नंतर येते. तेव्हापासून आजतागायत बहुतेक सर्व निवाडे ‘तीव्र संशय पुरेसा’ आणि ‘न्यायाधीश म्हणजे टपाल कार्यालय नव्हे’ या दोन टोकांच्या मधल्या जागेत फिरत आले आहेत. ही जागा बरीच मोठी आहे आणि एकाच सामग्रीवर दोन न्यायालये दोन निष्कर्षांवर येतात, त्याचे कारण तेथेच आहे.

बचावाच्या कागदपत्रांना स्थान नाही

आरोपमुक्तीचे अर्ज मोठ्या प्रमाणावर फेटाळले जाण्यामागे आणखी एक महत्त्वाचे कारण आहे. या टप्प्यावर आरोपीला स्वतःचा पुरावा सादर करता येत नाही. घटनेच्या दिवशी आपण दुसऱ्या शहरात होतो हे दाखविणारे तिकीट आरोपीजवळ असले, अथवा रक्कम कर्जाऊ घेतल्याचा करारनामा असला, तरी न्यायालय सामान्यतः त्याकडे पाहत नाही. १९९६ मधील सतीश मेहरा प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने याबाबत काहीशी उदार भूमिका घेतली होती. परंतु ओरिसा राज्य विरुद्ध देवेंद्रनाथ पाधी या प्रकरणात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने नोव्हेंबर २००४ मध्ये ती चुकीची ठरविली. बचावाची सामग्री आताच विचारात घेतली तर आरोपनिश्चिती म्हणजे एक छोटा खटलाच होऊन बसेल, अशी भीती त्यामागे होती.

या नियमाला काही अपवाद आहेत. गोव्यातील एका प्रकरणात २००८ मध्ये, अत्यंत दुर्मीळ परिस्थितीत बचावाची सामग्री पाहता येईल, असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले. सरकार पक्षाचे म्हणणे मुळातच हास्यास्पद ठरविणारी कागदपत्रे समोर असतील तर त्यांच्याकडे डोळेझाक करता येणार नाही, असे हे तर्कशास्त्र आहे. तपास यंत्रणेने स्वतःजवळ असलेली, परंतु आरोपपत्रातून वगळलेली निर्विवाद दर्जाची सामग्री न्यायालय मागवू शकते, असेही २०१७ मध्ये नित्य धर्मानंद प्रकरणात मान्य करण्यात आले. तरीही हे अपवादच आहेत. बेहिशेबी मालमत्तेच्या खटल्यांत तर आरोपीचे स्पष्टीकरण हा बचावाचा भाग असून त्याची जागा खटल्यात आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२२ मध्ये तामिळनाडूतील एका प्रकरणात पुन्हा बजावले.

याचा अर्थ असा की, आरोपमुक्तीच्या सुनावणीत न्यायालयासमोर जे चित्र असते ते जवळजवळ संपूर्णपणे तपास यंत्रणेने रेखाटलेले असते. आरोपी त्यातील रिकाम्या जागा दाखवू शकतो, दुसरे चित्र मांडू शकत नाही.

दिल्ली छावणी : नकारामुळे टिकलेला खटला

असे असताना ही पातळी कमी का ठेवावी, याचे उत्तर १९८४ च्या शीखविरोधी दंगलीतील एका खटल्यात मिळते. १ व २ नोव्हेंबर १९८४ रोजी दिल्ली छावणी परिसरातील राजनगर भागात एका कुटुंबातील व त्यांच्या नात्यातील पाच जणांची हत्या झाली. न्यायमूर्ती नानावटी आयोगाच्या अहवालानंतर २००५ मध्ये केंद्रीय अन्वेषण विभागाने या प्रकरणाचा तपास हाती घेतला आणि काँग्रेसचे माजी खासदार सज्जन कुमार यांच्यासह अनेकांवर आरोपपत्र दाखल केले.

सज्जन कुमार यांनी आरोपनिश्चितीस आव्हान दिले. पती आणि मुलगा गमावलेल्या प्रमुख साक्षीदार महिलेने पूर्वीच्या जबाबांत आपले नाव घेतले नव्हते आणि वीस वर्षांहून अधिक काळानंतरच्या जबाबावर विश्वास ठेवता येणार नाही, असा त्यांचा मुख्य युक्तिवाद होता. दिल्ली उच्च न्यायालयाने आणि त्यानंतर २० सप्टेंबर २०१० रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो स्वीकारला नाही. जबाबांतील विसंगती, विलंब आणि साक्षीदाराची विश्वासार्हता हे सर्व मुद्दे खटल्यात तपासावयाचे आहेत, तीव्र संशय पुरेसा आहे, असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले. आरोपमुक्तीविषयीची तत्त्वे या निवाड्यात क्रमवार मांडण्यात आली असून देशभरातील न्यायालये आजही त्याचा आधार घेतात.

पुढचा प्रवास बोलका आहे. ३० एप्रिल २०१३ रोजी कनिष्ठ न्यायालयाने अन्य पाच आरोपींना दोषी ठरविले, परंतु सज्जन कुमार यांची निर्दोष मुक्तता केली. १७ डिसेंबर २०१८ रोजी दिल्ली उच्च न्यायालयाने हा निर्णय फिरवून त्यांना जन्मठेपेची शिक्षा सुनावली. २०१० मध्ये जबाबांतील विसंगतींच्या आधारे आरोपमुक्ती मिळाली असती तर साक्षीदार महिलेला न्यायालयासमोर उभे राहून आपले म्हणणे सांगण्याची आणि इतक्या वर्षांच्या मौनाची कारणे देण्याची संधीच मिळाली नसती. सामर्थ्यवान व्यक्तींविरुद्धचे पुरावे प्रारंभी बहुधा दुबळे असतात, कारण ते दडपले गेलेले असतात. अशा वेळी खटल्याचे दार उघडे राहणे ही पीडितांची एकमेव आशा असते. आरोपमुक्तीची पातळी उंच करावी असे म्हणणाऱ्यांनी हा खटला विसरता कामा नये.

मालेगाव : दुसरी बाजू

याच तत्त्वाची दुसरी बाजू महाराष्ट्रातील एका खटल्यात दिसते. २९ सप्टेंबर २००८ रोजी मालेगाव येथे झालेल्या बॉम्बस्फोटात सहा जणांचा मृत्यू झाला. महाराष्ट्र पोलिसांच्या दहशतवादविरोधी पथकाने जानेवारी २००९ मध्ये आरोपपत्र दाखल केले. २०११ मध्ये तपास राष्ट्रीय तपास यंत्रणेकडे गेला. मे २०१६ मध्ये या यंत्रणेने पुरवणी आरोपपत्र दाखल करून प्रज्ञासिंह ठाकूर आणि अन्य काही आरोपींविरुद्ध पुरेसा पुरावा नसल्याचे न्यायालयाला कळविले.

तपास यंत्रणाच असे सांगत असताना आरोपमुक्ती मिळणे स्वाभाविक वाटले असते. परंतु २७ डिसेंबर २०१७ रोजी मुंबईतील विशेष न्यायालयाने ठाकूर, लेफ्टनंट कर्नल प्रसाद पुरोहित आणि इतर काहींचे अर्ज फेटाळले. पहिल्या तपासातील सामग्री अभिलेखावर होती आणि तिच्याकडे दुर्लक्ष करता येणार नाही, अशी न्यायालयाची भूमिका होती. त्याच आदेशाने तीन आरोपींना पूर्णपणे मुक्त करण्यात आले आणि महाराष्ट्र संघटित गुन्हेगारी नियंत्रण कायद्याखालील कलमेही वगळण्यात आली. म्हणजेच न्यायालयाने सामग्री चाळली होती, डोळे झाकून आरोपपत्र मान्य केले नव्हते. ३० ऑक्टोबर २०१८ रोजी सात जणांवर आरोप निश्चित झाले.

खटल्यात सरकार पक्षाने ३२३ साक्षीदार तपासले आणि त्यांपैकी तीसहून अधिक साक्षीदार फितूर झाले. ३१ जुलै २०२५ रोजी विशेष न्यायालयाने सातही आरोपींची निर्दोष मुक्तता केली. स्फोटात वापरलेली मोटारसायकल ठाकूर यांच्या मालकीची असल्याचे सिद्ध झाले नाही, तसेच संशय हा पुराव्याची जागा घेऊ शकत नाही, असे न्यायालयाने नमूद केले.

२०१७ च्या आदेशात संशय पुरेसा होता आणि २०२५ च्या निकालात तोच संशय अपुरा ठरला. या दोन्ही आदेशांत कायद्याच्या दृष्टीने विसंगती नाही, कारण दोन्ही वेळची कसोटी वेगळी होती. प्रश्न आहे तो मधल्या काळाचा. स्फोटापासून निकालापर्यंत जवळजवळ सतरा वर्षे लोटली. या काळात आरोपींवर आरोपाचे ओझे राहिले आणि सहा मृतांच्या कुटुंबीयांना अखेरीस गुन्हेगार कोण, याचे उत्तर मिळाले नाही. आरोपमुक्ती नाकारून कोणाचेही अहित होत नाही, खटल्यात सत्य बाहेर येईलच, हा विश्वास अशा विलंबापुढे टिकत नाही.

अयोध्या : मुक्ती देऊनही गेलेली वर्षे

आरोपी खटल्याबाहेर राहिला म्हणजे काळ वाचतो असेही नाही. ६ डिसेंबर १९९२ रोजी अयोध्येतील बाबरी मशीद पाडण्यात आल्यानंतर नोंदविलेल्या गुन्ह्यांत मे २००१ मध्ये लखनौच्या विशेष न्यायालयाने लालकृष्ण अडवाणी, बाळासाहेब ठाकरे यांच्यासह २१ जणांविरुद्धची कार्यवाही थांबविली. काटेकोरपणे पाहता ही पुराव्याच्या आधारे दिलेली आरोपमुक्ती नव्हती. राज्य सरकारच्या अधिसूचनेतील त्रुटी हे त्याचे कारण होते. अलाहाबाद उच्च न्यायालयाने २०१० मध्ये हा निर्णय कायम ठेवला. १९ एप्रिल २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो रद्द करून कटाचे आरोप पुन्हा लावण्याचा आणि खटला दररोज चालविण्याचा आदेश दिला.

३० सप्टेंबर २०२० रोजी निकाल लागला तेव्हा ४९ आरोपींपैकी १७ जण हयात नव्हते आणि उर्वरित ३२ जणांची निर्दोष मुक्तता झाली. खटला कोणावर चालवावयाचा, हा प्राथमिक प्रश्न सुटण्यासाठीच सोळा वर्षे गेली होती. या काळात साक्षीदार वृद्ध झाले, काही मरण पावले आणि स्मृती पुसट झाल्या. प्राथमिक टप्प्यावरील निर्णय कोणत्याही बाजूने गेला तरी तो लवकर अंतिम झाला नाही, तर त्याची किंमत सत्यालाच मोजावी लागते, हे या प्रकरणाने दाखवून दिले.

एकच सामग्री, दोन निष्कर्ष

डिसेंबर २०१९ मध्ये दिल्लीतील जामिया मिल्लिया इस्लामिया विद्यापीठ परिसरात झालेल्या हिंसाचाराच्या प्रकरणात ४ फेब्रुवारी २०२३ रोजी दिल्लीतील सत्र न्यायालयाने शर्जील इमाम, सफूरा झरगर यांच्यासह ११ जणांना आरोपमुक्त केले. खऱ्या गुन्हेगारांना पकडण्यात अपयश आल्याने पोलिसांनी या व्यक्तींना बळीचे बकरे बनविले, असे कडक ताशेरे न्यायालयाने ओढले. अवघ्या दोन महिन्यांच्या आत, २८ मार्च २०२३ रोजी, दिल्ली उच्च न्यायालयाने हा आदेश अंशतः फिरवला आणि ११ पैकी नऊ जणांवर दंगलीसह विविध आरोप निश्चित करण्यास सांगितले.

दोन्ही न्यायालयांसमोर तीच आरोपपत्रे आणि त्याच चित्रफिती होत्या. गर्दीत उपस्थित असणे आणि दंगलीत सहभागी असणे यांतील सीमारेषा कोठे आखावयाची, एवढाच फरक होता. ‘तीव्र संशय’ ही कसोटी किती प्रमाणात न्यायाधीशाच्या दृष्टिकोनावर अवलंबून राहते, हे यावरून लक्षात येते.

अशा वेळी आदेशातील कारणमीमांसेला महत्त्व येते. कायद्यात मात्र येथे एक असमतोल आहे. आरोपमुक्ती देताना कारणे नोंदविणे बंधनकारक आहे. आरोप निश्चित करताना तसे स्पष्ट बंधन नाही. कांती भद्र शाह विरुद्ध पश्चिम बंगाल राज्य या २००० च्या निवाड्यात सर्वोच्च न्यायालयाने या फरकाचे समर्थन केले. प्रत्येक आरोपनिश्चितीसाठी सविस्तर कारणे लिहावी लागली तर आधीच भाराक्रांत असलेली न्यायालये अधिक मंदावतील आणि न्यायाधीशाचे मतही अकाली व्यक्त होईल, अशी त्यामागील भूमिका होती. हा युक्तिवाद निराधार नाही. परंतु त्याचा व्यावहारिक परिणाम असा होतो की, आरोपीला मुक्त करणाऱ्या न्यायाधीशाला पानेच्या पाने लिहावी लागतात आणि खटला चालविण्याचा आदेश मात्र काही ओळींत देता येतो. शंका असेल तेथे सोपा मार्ग कोणता, हे सांगण्याची आवश्यकता नाही.

डिसेंबर २०२५ मध्ये पश्चिम बंगालमधील एका मालमत्तेच्या वादातून उद्भवलेल्या प्रकरणात आरोपीला मुक्त करताना सर्वोच्च न्यायालयाने याकडे लक्ष वेधले. तीव्र संशयही निर्माण होत नसताना आरोपपत्रे दाखल करण्याच्या प्रवृत्तीमुळे न्यायव्यवस्था तुंबते आणि सबळ प्रकरणांना वेळ मिळत नाही, असे न्यायालयाने म्हटले.

वरिष्ठ न्यायालयांची पायरी

आरोपमुक्ती नाकारली गेल्यानंतर आरोपी बहुधा उच्च न्यायालयात धाव घेतो. मधु लिमये विरुद्ध महाराष्ट्र राज्य या १९७७ च्या निवाड्यापासून असे मानले जाते की, काही आदेश अंतिम नसले तरी निव्वळ अंतरिमही नसतात आणि त्यांना आव्हान देता येते. आरोपनिश्चितीचा आदेश या प्रकारात मोडतो. परंतु या मार्गाचा वापर खटला लांबविण्यासाठीही होतो. उच्च न्यायालयाने स्थगिती दिली की खालचा खटला वर्षानुवर्षे थांबतो.

यावर उपाय म्हणून २०१८ मध्ये एशियन रिसर्फेसिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की, आरोपनिश्चितीत उच्च न्यायालयाने क्वचितच हस्तक्षेप करावा आणि स्थगिती सहा महिन्यांनंतर आपोआप संपुष्टात यावी. न्यायालयाला वेळ मिळाला नाही म्हणून पक्षकाराची स्थगिती जावी हे न्याय्य नाही, असा आक्षेप यावर घेतला गेला. २९ फेब्रुवारी २०२४ रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने स्थगिती आपोआप उठण्याचा हा नियम रद्द केला. म्हणजे विलंबाचा प्रश्न पुन्हा उच्च न्यायालयांच्या विवेकावर सोपविण्यात आला आहे.

गोव्यातील पत्रकार तरुण तेजपाल यांच्याविरुद्धच्या खटल्यात सप्टेंबर २०१७ मध्ये आरोप निश्चित झाले. त्यांना दिलेले आव्हान सर्वोच्च न्यायालयाने १९ ऑगस्ट २०१९ रोजी फेटाळले आणि सहा महिन्यांत खटला पूर्ण करण्यास सांगितले. २१ मे २०२१ रोजी म्हापसा येथील न्यायालयाने तेजपाल यांची निर्दोष मुक्तता केली आणि गोवा सरकारने त्याविरुद्ध अपील दाखल केले. गुन्हा २०१३ मधील होता. उच्च पातळीवर लक्ष असलेल्या प्रकरणाची ही गती असेल, तर सर्वसामान्य आरोपीच्या आणि सर्वसामान्य तक्रारदाराच्या वाट्याला काय येत असेल, याची कल्पना करता येते.

आरोपनिश्चितीचे वजन

खटला सुरू झाला की आरोपीच्या जीवनावर त्याचे परिणाम होऊ लागतात. शासकीय कर्मचाऱ्याची पदोन्नती बंद लिफाफ्यात जाते. पारपत्रासाठी किंवा परदेश प्रवासासाठी न्यायालयाची परवानगी घ्यावी लागते. दूरच्या जिल्ह्यातील न्यायालयात तारखेला हजर राहण्यासाठी रोजंदारी बुडते. निर्दोष सुटल्यानंतर या वर्षांची भरपाई करणारी कोणतीही सर्वसाधारण तरतूद नाही.

राजकारणाच्या क्षेत्रात हा टप्पा किती निर्णायक मानावा, यावर देशात दीर्घकाळ चर्चा झाली आहे. दोन वर्षे किंवा त्याहून अधिक शिक्षेच्या गुन्ह्यात आरोप निश्चित झाले असतील तर उमेदवाराला ते जाहीर करावे लागतात. फेब्रुवारी २०१४ मध्ये विधी आयोगाने आपल्या २४४ व्या अहवालात त्यापुढे जाऊन शिफारस केली की, पाच वर्षे किंवा अधिक शिक्षेच्या गुन्ह्यात आरोप निश्चित झालेल्या व्यक्तीला, काही संरक्षक तरतुदींसह, निवडणूक लढविण्यास अपात्र ठरवावे. २५ सप्टेंबर २०१८ रोजी सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या पीठाने अशी अपात्रता न्यायालयीन आदेशाने लादण्यास नकार दिला आणि हा विषय संसदेचा असल्याचे सांगितले.

या वादातील पेच मूळ प्रश्नाशीच जोडलेला आहे. आरोपनिश्चिती ही बचाव न ऐकता, केवळ तीव्र संशयावर होत असेल, तर तिच्यावर अपात्रतेसारखा गंभीर परिणाम कसा उभारावयाचा? आणि खटले दशकभर चालणार असतील, तर गंभीर गुन्ह्यातील आरोपींनी तोवर कायदे करीत राहावे काय? एका टप्प्यावर जितके अधिक परिणाम लादले जातील तितकी त्या टप्प्यावरची तपासणी अधिक काटेकोर असली पाहिजे.

साठ दिवसांची मुदत

नव्या संहितेने या प्रश्नाला कालमर्यादेच्या अंगाने हात घातला आहे. सत्र खटल्यात प्रकरण सत्र न्यायालयाकडे सोपविल्यापासून साठ दिवसांत, तर दंडाधिकाऱ्यांसमोरील खटल्यात कागदपत्रांच्या प्रती मिळाल्यापासून साठ दिवसांत आरोपीने आरोपमुक्तीचा अर्ज करावयाचा आहे. आरोपनिश्चितीवरील पहिल्या सुनावणीपासून साठ दिवसांत आरोप निश्चित करण्याची जबाबदारीही न्यायालयावर टाकण्यात आली आहे. अशी मुदत पूर्वीच्या संहितेत नव्हती.

या तरतुदीची गरज का भासली, हे एल्गार परिषद प्रकरणात दिसते. या प्रकरणात २०१८ पासून अटका झाल्या. ऑगस्ट २०२२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने विशेष न्यायालयाला आरोपनिश्चितीचा आणि त्यासोबतच आरोपमुक्तीच्या अर्जांचा तीन महिन्यांत निर्णय घेण्यास सांगितले होते. तरीही जानेवारी २०२५ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने रोना विल्सन आणि सुधीर ढवळे यांना जामीन देताना आरोप निश्चित झालेले नसल्याची आणि दीर्घ कारावासाची दखल घ्यावी लागली. साडेसहा वर्षे तुरुंगात काढल्यानंतरही खटला चालविण्याजोगा आहे की नाही, हा पहिला प्रश्न अनिर्णीत होता. आरोपमुक्ती नाकारणे एक वेळ समजू शकते, परंतु तिचा निर्णयच न होणे हे त्याहून गंभीर आहे.

कायद्यातील मुदत मात्र आपोआप अंमलात येत नाही. साठ दिवस उलटले तर काय, याचे उत्तर संहितेत स्पष्ट नाही. न्यायाधीशांची रिक्त पदे, हजारो पानांची आरोपपत्रे, प्रती पुरविण्यातील दिरंगाई आणि वारंवार मागितल्या जाणाऱ्या तहकुबी या कारणांवर मुदतीचा आकडा हा उपाय नाही. आरोपनिश्चितीस लागणाऱ्या विलंबाबद्दल सर्वोच्च न्यायालयाने २०२५ मध्येही चिंता व्यक्त केली.

समतोल कोठे आहे?

आरोपमुक्तीची कसोटी अधिक कठोर करावी, म्हणजे दुबळे खटले प्रारंभीच संपतील, अशी मागणी केली जाते. दिल्ली छावणीचा खटला तिच्याविरुद्ध सर्वांत प्रभावी उत्तर आहे. खटल्यापूर्वीच पुरावा तोलला गेला असता तर त्या प्रकरणातील सत्य कधीच समोर आले नसते. दुसरीकडे मालेगावचा खटला सांगतो की, संशयावर सुरू झालेला खटला संशयावरच संपण्यास सतरा वर्षे लागू शकतात आणि त्यात आरोपी व पीडित या दोघांचीही हानी होते.

यांतून निघणारा निष्कर्ष असा की, खरा दोष कसोटीत नसून तिच्या वापराच्या पद्धतीत आणि त्यानंतरच्या काळात आहे. संशय कोणत्या कागदातून, कोणत्या जबाबातून निर्माण होतो, हे आरोप निश्चित करणाऱ्या आदेशातही थोडक्यात का होईना नोंदविले गेले, तर वरिष्ठ न्यायालयाला निर्णय लवकर घेता येईल आणि आरोपीलाही आपल्यावर खटला का चालत आहे हे समजेल. तपास यंत्रणेने आरोपीच्या बाजूची सामग्रीही आरोपपत्रासोबत ठेवली, तर बचावाला संधी नसण्याचा अन्याय काही प्रमाणात कमी होईल. उच्च न्यायालयांनी आरोपनिश्चितीवरील आव्हाने स्थगितीच्या छायेत पडू न देता अग्रक्रमाने निकाली काढली, तर साक्षीदारांच्या स्मृती ताज्या असताना खटला उभा राहील.

आरोपमुक्तीचा अर्ज फेटाळणारा न्यायाधीश आरोपीला दोषी ठरवीत नाही. तो त्याला आणि तक्रारदाराला एकच आश्वासन देतो की, या आरोपांची न्यायालयात तपासणी होईल. ही तपासणी वाजवी काळात पार पडली, तर कमी पातळीची कसोटी न्याय्य ठरते. ती वर्षानुवर्षे लांबत गेली, तर त्याच आदेशाचा भार निर्दोष आरोपी आणि न्यायाची वाट पाहणारा पीडित या दोघांनाही सारखाच वाहावा लागतो.